हरवलेल्या दाबाचा माग

बागेत पाणी घालताना नळीच्या तोंडावर अंगठा दाबला की धार लांब उडते. याचं शाळेतलं उत्तर ठरलेलं आहे: तोंड अरुंद झालं, तेवढंच पाणी आता कमी जागेतून बाहेर पडायला हवं, म्हणून वेग वाढला. उत्तर सुटसुटीत आहे, फक्त त्यातलं ‘तेवढंच पाणी’ खरं नाही. एकदा नळी मोकळी ठेवून आणि एकदा अंगठा दाबून बादली भरून बघा. दुसऱ्या वेळी ती भरायला चांगलाच जास्त वेळ लागतो. नळीतून येणारं पाणी कमी झालंय आणि तरी धारेचा वेग वाढलाय.

आता एक भरलेली टाकी घ्या आणि तिच्या बुडाजवळ बाजूला भोक पाडा. टॉरिचेल्लीने १६४४ मध्ये मांडलं की या भोकातून येणाऱ्या पाण्याचा वेग फक्त वरच्या पाण्याच्या उंचीवर ठरतो. त्या उंचीवरून सोडलेली वस्तू खाली येईपर्यंत जेवढा वेग घेईल, तेवढाच. भोकाच्या वर २ मीटर पाणी असेल तर सेकंदाला सुमारे ६.३ मीटर. आता भोक निम्मं बुजवा. धार बारीक होते, पाणी कमी येतं, पण वेग जवळपास तोच राहतो. अंगठ्याची करामत इथे चालत नाही.

टाकीत नसलेली कोणती गोष्ट नळीत आहे? लांबी. आकडेच मांडून बघू. नळाला वातावरणापेक्षा २ बार जास्त दाब आहे असं धरलं (१ बार म्हणजे साधारण वातावरणाच्या दाबाइतका), तर दर किलो पाण्यामागे २०० जूल ऊर्जा हाताशी आहे. ती सगळी वेगात उतरली असती तर पाणी सेकंदाला २० मीटर वेगाने बाहेर आलं असतं. प्रत्यक्षात मोकळ्या नळीतून ते सेकंदाला दोनेक मीटरने येतं, म्हणजे किलोमागे फक्त २ जूल. उरलेले १९८ जूल नळाच्या अडचणीच्या वाटेत, वळणांमध्ये आणि नळीच्या भिंतीलगत खर्ची पडले. अंगठा दाबल्यावर प्रवाह मंदावतो आणि हा वाटखर्च झपाट्याने उतरतो. प्रवाह निम्मा झाला तर खर्च जवळजवळ चौथाईवर येतो. वाचलेला दाब अंगठ्यापर्यंत शाबूत पोहोचतो आणि शेवटच्या सेंटिमीटरभर अंतरात वेगात बदलतो.

त्या १९८ जूलांचं काय झालं? त्यांची उष्णता झाली. एक किलो पाण्याचं तापमान १ अंश सेल्सिअसने वाढवायला सुमारे ४,१८६ जूल लागतात. त्यामुळे या साऱ्या खर्चाने पाणी तापलं ते अंशाच्या विसाव्या भागाने. हाताला हे कळणं शक्यच नाही, साध्या तापमापकालाही नाही. या इवल्याशा आकड्याने अभियंत्यांची मोठी सोय केली आणि बाकीच्यांची दिशाभूलही. सोय अशी की पाण्याचा प्रवाह अभ्यासताना तापमान विसरून चालतं. दिशाभूल अशी की दाब ‘वाया गेला’ म्हटल्यावर तो जगातूनच नाहीसा झाला असं वाटायला लागतं.

डॅनियल बर्नुलीने १७३८ मध्ये दाब आणि वेग यांचं नातं मांडलं आणि पुढे ऑयलरने ते आजच्या समीकरणांत बसवलं, तेव्हा ऊर्जेची अक्षय्यता हा नियमही अजून शंभरेक वर्षं दूर होता. बर्नुलीचं तत्त्व सांगतं की सपाटीवर वाहताना जिथे वेग जास्त तिथे दाब कमी. हे बरेचदा उलट्या क्रमाने समजावलं जातं, जणू वेगच दाब कमी करतो. खरं तर पाण्याच्या एखाद्या थेंबामागे दाब जास्त आणि पुढे कमी असेल तरच त्याला पुढे रेटा मिळेल आणि त्याचा वेग वाढेल. न्यूटनचा दुसरा नियमच तो, वेगळं काही नाही. विमानाच्या पंखाबद्दलची एक लाडकी गोष्टही इथेच निकालात काढायला हवी. वरची आणि खालची हवा मागच्या कडेला एकाच वेळी पोहोचायला हवी, म्हणून वरची जास्त वेगाने धावते, असं सांगतात. त्यांनी एकाच वेळी पोहोचावं असा कुठलाही नियम नाही, आणि विमानांच्या चाचणीसाठीच्या वाऱ्याच्या बोगद्यात पाहिलं तर वरची हवा आधी पोहोचलेली दिसते.

बर्नुलीच्या हिशोबात घर्षण नाही. घर्षण पूर्ण वगळलं तर काय होतं, हे दालांबेरने १७५२ मध्ये गणित करून पाहिलं आणि उत्तर आलं की एकसारख्या प्रवाहात बुडवलेल्या वस्तूला प्रवाहाचा विरोध शून्य. ओढ्यात पाय टाकलेल्या कुणालाही हे चूक आहे हे कळेल. गणितात मात्र चूक नव्हती.

घर्षणाचं कलम समीकरणात आणलं नाव्हिएने १८२२ मध्ये आणि ते स्टोक्सने १८४५ मध्ये नीट मांडलं. द्रवाचे शेजारशेजारचे थर वेगवेगळ्या वेगाने सरकतात आणि एकमेकांना मागे ओढतात. या ओढीला श्यानता म्हणतात. अगदी भिंतीला टेकलेला थर तर हलतच नाही. नळीच्या मध्यावर वेग जास्तीत जास्त आणि कडेला शून्य, म्हणून नळी जितकी बारीक तितका थराथरांतला हा फरक तीव्र. फ्रान्समधला डॉक्टर पॉइझ्यी याला रक्तवाहिन्यांचं कुतूहल होतं. केसासारख्या बारीक काचनळ्यांवर मोजमापं घेऊन १८४० च्या सुमारास त्याने शोधलं की तेवढ्याच दाबाला वाहणारं पाणी त्रिज्येच्या चौथ्या घाताप्रमाणे बदलतं. त्रिज्या निम्मी झाली तर प्रवाह सोळावा भाग. जर्मनीत हागेनने जवळपास त्याच वेळी स्वतंत्रपणे हेच शोधलं होतं.

हा नियम संथ, थराथराने सरकणाऱ्या प्रवाहाचा. बागेतल्या नळीत तो लागू पडत नाही, आणि का पडत नाही ते ऑस्बर्न रेनॉल्ड्सने मँचेस्टरमध्ये १८८३ मध्ये डोळ्यांना दिसेल असं दाखवलं. पाण्याच्या टाकीत आडवी काचनळी, तिच्या कर्ण्यासारख्या तोंडापाशी रंगाची बारीक धार. वेग कमी असताना रंगाची रेघ दोऱ्यासारखी सरळ शेवटपर्यंत जाते. वेग वाढवत नेला की एका टप्प्यावर ती थरथरते आणि पुढे थोड्याच अंतरात सगळ्या नळीत रंग पसरतो. रेनॉल्ड्सने वेग, नळीचा व्यास आणि श्यानता यांतून एक आकडा बनवला. साध्या नळीत तो २,००० ते २,३०० च्या वर गेला की प्रवाह सहसा प्रक्षुब्ध होतो. साडेबारा मिलिमीटर व्यासाच्या नळीत सेकंदाला २ मीटरने पाणी वाहत असेल तर हा आकडा २५,००० च्या आसपास येतो. म्हणजे आपल्या नळीत आत पूर्ण धुमश्चक्री चालू असते.

या धुमश्चक्रीतच ऊर्जेची उष्णता होते, आणि या विषयातला मला सगळ्यात आवडणारा भाग हाच. मोठे भोवरे फुटून लहान होतात, लहान फुटून आणखी लहान. मोठ्या भोवऱ्यात शेजारच्या थरांच्या वेगांतला फरक सौम्य असतो, त्यामुळे तिथे श्यानतेला काही करता येत नाही. भोवरे मिलिमीटरच्या अंशाइतके लहान झाले की हा फरक इतका तीव्र होतो की श्यानता त्यांना गिळून टाकते आणि त्यांची गती रेणूंच्या अस्ताव्यस्त हालचालीत, म्हणजे उष्णतेत, विरते. रिचर्डसनने १९२२ मध्ये ही कल्पना मांडली आणि कोल्मोगोरोव्हने १९४१ मध्ये तिला गणिती रूप दिलं. गंमत अशी की दर सेकंदाला किती ऊर्जा विरेल, हे श्यानता ठरवत नाही. ते मोठे भोवरे ठरवतात. श्यानता कमी असली तर भोवरे आणखी बारीक होईपर्यंत फुटत राहतात, एवढंच. नाव्हिए आणि स्टोक्सची समीकरणं हाताशी असूनही त्रिमिती प्रवाहात ती कायम सुरळीत उत्तर देतात की कुठेतरी अनंतात जातात, हे अजून सिद्ध झालेलं नाही. गणिताला वाहिलेल्या क्ले संस्थेने २००० मध्ये त्यावर दहा लाख डॉलरचं बक्षीस लावलं, ते अजून तसंच आहे.

वाहत्या पाण्यातली ही उष्णता मोजायचा ध्यास जेम्स जूलला होता, ऊर्जेच्या एककाला ज्याचं नाव मिळालं तोच हा जूल. १८४७ मध्ये आल्प्समधल्या शामोनीजवळ तो लांबलचक तापमापक हातात घेऊन चालताना भेटला, मागे घोडागाडीत त्याची नवपरिणीत पत्नी, आणि धबधब्याच्या वरच्या व खालच्या पाण्याच्या तापमानातला फरक मोजायचा त्याचा विचार होता, अशी आठवण विल्यम थॉमसनने, म्हणजे पुढच्या लॉर्ड केल्विनने, सांगितली आहे. ५० मीटरच्या धबधब्याला हा फरक भरतो ०.१२ अंश. त्यातही पाण्याचे तुषार होतात, बाष्पीभवनाने ते थंड होतात आणि मोजमाप बिघडतं. जागा चुकली होती, तत्त्व नव्हे.

आता हवेकडे वळलं की तापमान विसरायची सोय संपते. हवा दाबली की तापते, पसरू दिली की थंड होते, आणि हे अंशाच्या विसाव्या भागाने नव्हे, चांगलं दहा-वीस-शंभर अंशांनी. न्यूटनने ध्वनीचा वेग काढताना हेच धरलं नव्हतं. ध्वनिलहरीत हवा दाबली जाते तेव्हा तिचं तापमान बदलत नाही असं त्याने मानलं आणि त्याचं उत्तर प्रत्यक्षापेक्षा सुमारे १५ टक्के कमी आलं. लाप्लासने १८१६ मध्ये दुरुस्ती सुचवली: हवेचं दाबलं जाणं आणि विरळ होणं इतकं झटपट होतं की उष्णतेला इकडून तिकडे जायला वेळच मिळत नाही. ही एक गोष्ट धरली आणि वेग जुळला.

वाहत्या वायूचा ऊर्जेचा हिशोब करताना एक जमेची बाजू हमखास विसरते. वायूच्या अंगी आंतरिक ऊर्जा, म्हणजे त्याच्या रेणूंची ऊर्जा, असतेच, पण त्याला नळीत शिरायला मागचा वायू ढकलत असतो आणि तो पुढच्याला ढकलत असतो. गर्दीच्या रांगेत चालावं तसं. हे ढकलण्याचं काम आंतरिक ऊर्जेत मिळवलं की होते ती एन्थाल्पी. बाहेरून उष्णता दिली-घेतली नाही आणि वाटेत पंप किंवा टर्बाइन नसेल तर नियम साधा आहे: एन्थाल्पी आणि गतिज ऊर्जा यांची बेरीज कायम. घर्षण असो वा नसो, कायमच. बर्नुलीचं समीकरण घर्षणापुढे मोडतं, हे मोडत नाही, कारण घर्षणाने केलेली उष्णता याच बेरजेत परत जमा होते.

मग घर्षणाने नुकसान काय झालं? जूल आणि थॉमसन यांनी १८५२ पासून केलेले प्रयोग इथे कामी येतात. त्यांनी दाबाखालची हवा घट्ट बसवलेल्या सच्छिद्र बोळ्यातून हळूहळू जाऊ दिली. अलीकडे जास्त दाब, पलीकडे कमी, वेग नगण्य, बाहेर काही काम नाही. एन्थाल्पी दोन्हीकडे तेवढीच. आदर्श वायू, म्हणजे ज्याचे रेणू एकमेकांना ओढत नाहीत असा कल्पनेतला वायू, असता तर तापमानही तेवढंच राहिलं असतं. ऊर्जेच्या वहीत एका जूलचीही तूट नाही, तरी पलीकडच्या हवेकडून आता टर्बाइन फिरवून घेता येणार नाही. जी गेली ती ऊर्जा नव्हे, तिच्याकडून काम करून घेण्याची ऐपत. एन्ट्रॉपी, म्हणजे ऊर्जा किती विखुरली याचं माप, वाढली ती याच अर्थाने. नळीत हरवलेल्या दाबाची गोष्टही हीच: १९८ जूल पाण्यातच आहेत, पण आता त्यांची धार उडवता येणार नाही.

खरी हवा आदर्श नसते. तिचे रेणू एकमेकांना ओढतात, आणि पसरताना ही ओढ तोडण्यात थोडी ऊर्जा जाते. म्हणून बोळ्यापलीकडची हवा दर बारमागे साधारण पाव अंशाने थंड निघते. लिंडेने ही थंड हवा येणाऱ्या हवेभोवती फिरवून तिला आधीच गार करत नेलं आणि १८९५ मध्ये या चक्रातून हवेचा द्रव केला. नेहमीच्या तापमानाला हायड्रोजन मात्र उलट वागतो, बोळ्यातून जाताना किंचित तापतो. उणे ७० अंशांच्याही खाली आधी गार करून घेतला तरच तो या मार्गाने आणखी थंड होतो.

बोळ्याऐवजी तोटी लावली की चित्र पालटतं. वायू तोटीत निमुळत्या भागाकडे वेग घेतो, थंड होतो आणि जास्तीत जास्त अरुंद जागी त्याचा वेग ध्वनीच्या वेगाइतका होतो. त्यापुढे बाहेरचा दाब कितीही कमी करा, प्रवाह वाढत नाही. बाहेर दाब उतरल्याची खबर आत ध्वनीच्या वेगानेच जाणार, आणि प्रवाह तेवढ्याच वेगाने तिच्या विरुद्ध येतोय. हवेच्या बाबतीत आतला दाब बाहेरच्या सुमारे १.९ पट झाला की ही वेळ येते. पुढे वेग वाढवायचा तर तोटी पुन्हा रुंद करावी लागते, आणि पाण्याच्या नळीवर पोसलेल्या बुद्धीला हे पटत नाही. कारण घनतेत आहे. ध्वनीपलीकडे वेग जेवढ्या प्रमाणात वाढतो, त्याहून जास्त प्रमाणात वायू विरळ होतो, म्हणून त्याला जागा जास्त लागते. स्वीडनच्या द लाव्हालने अशी तोटी १८८० च्या दशकाच्या अखेरीस वाफेच्या टर्बाइनसाठी वापरली. रॉकेटच्या बुडाची घंटा तीच. हायड्रोजन आणि ऑक्सिजन जाळणाऱ्या इंजिनात ३,००० अंशांवरचा वायू या घंटेत थंड होत होत सेकंदाला ४ किलोमीटरहून अधिक वेग घेतो.

हाच हिशोब उलटाही चालतो. वेगाने येणारी हवा थांबवली की तिची गतिज ऊर्जा एन्थाल्पीत परतते. ताशी १०० किलोमीटरच्या वाऱ्याला थांबवलं तर ०.४ अंशांची वाढ, ताशी ९०० किलोमीटरच्या विमानापुढे ३१ अंशांची. म्हणून विमानातला तापमापक बाहेरची हवा आहे त्याहून बरीच उबदार दाखवतो आणि आकडा दुरुस्त करून घ्यावा लागतो. काँकॉर्ड हे प्रवासी विमान ध्वनीच्या २.०४ पट वेगाने उडायचं तेव्हा ही वाढ १८० अंश व्हायची: बाहेर उणे ५६, नाकाच्या टोकाला १२० च्या वर. त्या तापाने सगळं विमान वीतभर लांब व्हायचं.

अंतराळातून परतणाऱ्या यानाचा वेग सेकंदाला ७.८ किलोमीटर असतो, म्हणजे किलोमागे सुमारे ३ कोटी जूल. लोखंडाची वाफ करून वर उरतील एवढे. यान हवेशी घासून तापतं असं सर्रास लिहिलं जातं, पण बहुतेक ताप येतो तो पुढ्यात दाबल्या जाणाऱ्या हवेतून. टोकदार नाक बरं, असं कुणालाही वाटेल. १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकेच्या ‘नाका’ (NACA) या विमानविद्येच्या संशोधन संस्थेतल्या ज्युलियन ॲलनने उलट मांडलं: नाक बोथट ठेवा. बोथट नाकापुढे आघातलहर, म्हणजे अचानक दाबल्या गेलेल्या हवेची भिंत, यानापासून सुटी, थोड्या अंतरावर उभी राहते. उष्णता तिथल्या हवेत तयार होते, आणि यानाच्या अंगाला लागण्याआधीच त्यातली बरीचशी बगलेने मागे वाहून जाते.