न तुटणारी रेघ : जादूच्या पंचकोनी ताऱ्याची पार्श्वभूमी

कल्पित जगातल्या अद्भुत कथेत जमिनीवर खडूने पाच टोकांचा तारा काढला गेला, की वाचकाला फारसे समजावून सांगावे लागत नाही. आत अडकलेल्या शक्तीला बाहेर पडता येणार नाही, रेघ कुठे पुसली गेली तर अनर्थ ओढवेल, आणि तारा उलटा असेल तर काढणाऱ्याचा हेतू वाईट आहे, हे तीन नियम त्याने आधीच गृहीत धरलेले असतात. मात्र हे तिन्ही नियम एका काळातले नाहीत. पहिल्या दोहोंचे मूळ बरेच जुने आहे, तर तिसरा जेमतेम पावणेदोनशे वर्षांचा आहे. स्वतःचे जग रचणाऱ्या लेखकाने हा फरक ओळखावा असे मला मनापासून वाटते, कारण चिन्हाच्या खऱ्या ताकदीचा उगम त्या जुन्या भागात आहे.

ही आकृती हात न उचलता काढता येते. पाच सरळ रेषा एकमेकींना छेदतात आणि हात जिथून निघाला तिथेच परततो. मधोमध एक लहान पंचकोन उरतो, त्यात पुन्हा तसाच तारा काढता येतो, आणि हा क्रम कधीच संपत नाही. नियमित पंचकोनाचा कर्ण आणि बाजू यांचे गुणोत्तर सुमारे १.६१८ येते. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातील लेखक लुशियन सांगतो की पायथागोरसचे अनुयायी हा तारा आपापसांतील ओळखीची खूण म्हणून वापरत आणि त्याला ‘आरोग्य’ म्हणत. त्या अर्थात भीतीचा लवलेशही नव्हता.

पुढे भुतांना वश करणाऱ्या राजा सॉलोमनच्या अंगठीची आख्यायिका या आकृतीला येऊन चिकटली. सॉलोमनची मुद्रा या एकाच नावाखाली कधी पाच टोकांचा, तर कधी सहा टोकांचा तारा दाखवला जाई.

कथेतील पात्राच्या स्वभावाशी या चिन्हाची सांगड कशी घालावी, याचा सर्वांत सुंदर नमुना मात्र चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धातील ‘सर गवेन अँड द ग्रीन नाइट’ या इंग्रजी काव्यात आहे. काव्याचा नायक, राजा आर्थरचा सरदार गवेन याच्या तांबड्या ढालीवर सोनेरी पंचकोनी तारा आहे. कवी गोष्ट थांबवतो, त्यामुळे खोळंबा होणार हे स्वतःच कबूल करतो आणि तरीही चाळीसहून अधिक ओळी या एका चिन्हावर खर्च करतो. ही सॉलोमनने ठरवलेली सत्याची खूण आहे आणि इंग्रज लोक तिला ‘अंत नसलेली गाठ’ म्हणतात, असे तो सांगतो. मग पाच इंद्रिये, पाच बोटे, ख्रिस्ताच्या पाच जखमा, मेरीचे पाच आनंद आणि पाच सद्गुण असे पाच पंचक तो एकमेकांत गुंफतो. यांतला एक गुण ढळला तर सारी आकृतीच सुटेल, ही जाणीव त्या रचनेतच आहे.

जर्मन कवी ग्योटेच्या ‘फाउस्ट’ या नाटकाच्या १८०८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पहिल्या भागात हेच सूत्र वेगळ्या रीतीने येते. विद्वान फाउस्टच्या खोलीच्या उंबरठ्यावर काढलेल्या ताऱ्याचा बाहेरचा एक कोन किंचित उघडा राहिलेला असतो. कुत्र्याच्या रूपातील मेफिस्टोफेलीस हा सैतान तिथून आत येतो, पण सैतानाने आला त्याच वाटेने परतावे असा नियम असल्यामुळे आतल्या बाजूने अखंड असलेली रेघ त्याला अडवते. शेवटी तो एका उंदराला बोलावून ते टोक कुरतडून घेतो. कच्च्या राहिलेल्या रेघेवर बेतलेल्या आजच्या कितीतरी प्रसंगांची बीजे या दृश्यात दिसतात.

सरळ आणि उलटा हा भेद १८५० च्या दशकात फ्रेंच गूढविद्यालेखक एलिफास लेव्ही याने ठाम केला. एक टोक वर असेल तर जडावर आत्म्याची सत्ता, आणि दोन टोके वर असतील तर बोकडाचे शिंगे असलेले डोके, अशी त्याची मांडणी होती. स्तानिस्लास द ग्वैता याच्या १८९७ च्या पुस्तकात उलट्या ताऱ्यात बोकडाचे तोंड प्रत्यक्ष चितारलेले आढळते. विसाव्या शतकातील भयकथांनी आणि खेळांनी हीच प्रतिमा उचलली, आणि ती अनादी काळापासूनची आहे असा समज रूढ झाला.

चांगले-वाईट एका नजरेत दाखवण्यासाठी उलटा तारा सोयीचा असतो, पण तो कथेला पुढे काही देत नाही. अखंड रेघेचे तसे नाही, कारण ती काढणाऱ्याला अचूक राहावे लागते आणि चूक झाली तर तिची किंमत मोजावी लागते. गवेन जिवाच्या भीतीने, प्राणांचे रक्षण करतो असे सांगून दिलेला हिरवा पट्टा लपवून ठेवतो आणि पकडला जातो. परतताना तोच पट्टा त्याने आपल्या दोषाची खूण म्हणून अंगावर तिरका घेतलेला असतो, आणि डाव्या काखेखाली तो साध्या गाठीने बांधलेला असतो.