भूखंडवहन आणि बेळगाव सीमाभाग

पृथ्वीच्या कवचाचे अवाढव्य तुकडे वर्षाला काही सेंटिमीटर सरकत असतात, याला भूखंडवहन म्हणतात. बेळगाव, खानापूर, निपाणीकडची माती, पाऊस आणि जनावरे या सरकण्याने घडवली आहेत.

आफ्रिका, मादागास्कर आणि भारत पूर्वी गोंडवन या एकाच महाखंडात होते. सुमारे ८.८ कोटी वर्षांपूर्वी मादागास्कर आपल्यापासून सुटले. भारत उत्तरेकडे सरकत असताना ६.६ कोटी वर्षांपूर्वी भेगांतून लाव्हा उसळला, त्याचे थरावर थर बसले आणि पुढे हिंदी महासागरातली सेशेल्स बेटेही भारतापासून तुटली. त्या लाव्ह्याच्या दक्षिण कडेवर हा भाग येतो. निपाणीची तंबाखूची काळी रानं ही त्याच कातळाची झीज. गोकाकला मात्र घटप्रभा सुमारे ५२ मीटर खाली कोसळते ती लाव्ह्यावरून नव्हे, तर अब्जाहून अधिक वर्षे जुन्या वालुकाश्मावरून. धबधबा बघायला गेलेल्यांपैकी फार थोड्यांचे लक्ष दगडाकडे जाते.

खंड फाटले तिथली कड उचलली गेली आणि पठार पूर्वेला कलले. तीच कड झिजत, मागे सरत आज सह्याद्री म्हणून उभी आहे. म्हणून कणकुंबीला उगम पावणारी मलप्रभा समुद्र इतका जवळ असूनही पाठ फिरवून कृष्णेकडे जाते. खानापूर तालुक्यातच उगवणारी म्हादई मात्र कडा उतरून गोव्यात मांडवी होते. म्हादईला मिळणाऱ्या कळसा नाल्याचे पाणी मलप्रभेत वळवण्यावरून कर्नाटक आणि गोव्यात चाललेला तंटा याच पाणलोट रेषेवरचा, म्हणजे दोन नद्यांचे पाणी जिथे वेगळे होते त्या रेषेवरचा. म्हादई जलतंटा लवादाने २०१८ मध्ये निवाडा दिला, तरी तो मिटलेला नाही.

मोसमी वारे या कड्यावर अडतात. त्यामुळे खानापूरच्या जंगलपट्ट्यात पावसाळाभर झड लागते आणि भात पिकतो, तर त्याच जिल्ह्यातल्या अथणीकडे ज्वारीलाही आभाळाकडे बघत बसावे लागते. पुढे भारत आशियाला धडकून हिमालय उभा राहिला, त्यानेही या मोसमी वाऱ्यांना जोर आला.

प्राण्यांतला सर्वांत बोलका पुरावा जमिनीखाली आहे. देवगांडूळ दिसायला गांडुळासारखे, पण बेडकाच्या गोतातले उभयचर. बेळगाव-गोवा वाटेवरच्या चोर्ला घाट परिसरातील त्याच्या एका जातीला २००७ मध्ये म्हादईवरून नाव मिळाले. खारे पाणी त्याला सोसत नाही, त्यामुळे समुद्र ओलांडणे त्याच्या आवाक्याबाहेरचे. तरी त्याचे जवळचे नातलग सेशेल्स बेटांवर आहेत.