त्रायानोस देल्लास

ग्रीसचा माजी फुटबॉलपटू आणि प्रशिक्षक. जन्म ३१ जानेवारी १९७६, थेस्सालोनिकी. मध्य बचावपटू म्हणून तो ग्रीस, इंग्लंड, इटली आणि सायप्रस अशा चार देशांच्या क्लबांकडून खेळला. २००४ ची युरोपीय अजिंक्यपद स्पर्धा (युरो) जिंकणाऱ्या ग्रीक संघात तो होता आणि त्या स्पर्धेच्या सर्वोत्तम संघातही त्याची निवड झाली. राष्ट्रीय संघाकडून ५३ सामने आणि गोल फक्त एक. बचावपटूच्या खात्यात एवढेच गोल असणे नवलाचे नाही. पण हा एक गोल असा, की देल्लासचे नाव निघाले की आधी तोच आठवतो.

उंची जवळपास साडेसहा फूट. अशा ताडमाड माणसाला लोक टोपणनाव दिल्यावाचून सोडत नाहीत. त्याला ‘ऱ्होड्सचा कोलोसस’ म्हणू लागले. प्राचीन काळी ऱ्होड्स बेटावर उभ्या असलेल्या सूर्यदेवाच्या महाकाय पुतळ्याचे हे नाव. देल्लासचा ऱ्होड्सशी संबंध मात्र या नावापुरताच. तो अस्सल उत्तर ग्रीसचा.

थेस्सालोनिकी शहरात पाओक, आरिस आणि इराक्लिस हे तीन जुने क्लब आहेत. देल्लास त्यांपैकी आरिसमध्ये तयार झाला. ग्रीक पुराणातल्या युद्धदेवतेवरून हे नाव घेतलेले आहे. मधल्या काळात क्लबने त्याला सेर्रेस गावच्या पानसेराइकोसकडे उसनवारीवर खेळायला पाठवले. कोवळ्या खेळाडूला मोठ्या सामन्यांचा सराव मिळावा म्हणून क्लब असे सर्रास करतात. १९९७ मध्ये, एकविसाव्या वर्षी, तो थेट इंग्लंडला शेफील्ड युनायटेडमध्ये गेला. हा क्लब तेव्हा दुसऱ्या श्रेणीत होता आणि त्याच सुमारास वासिलिस बोर्बोकिस हा आणखी एक ग्रीकही तिथे आला. त्यांचे मैदान ब्रामल लेन. क्रिकेटवेड्या वाचकासाठी जाता जाता सांगायचे, तर हे मैदान मुळात क्रिकेटसाठी बांधलेले असून १९०२ मध्ये तिथे इंग्लंड-ऑस्ट्रेलिया कसोटीही झाली होती. दोन मोसमांत देल्लासला तिथे फारसा जम बसवता आला नाही. १९९९ मध्ये तो मायदेशी परतला आणि अथेन्सच्या एईके क्लबमध्ये दाखल झाला.

एईके या नावातला ‘के’ म्हणजे कॉन्स्टँटिनोपल, आजचे इस्तंबूल. तिथून आलेल्या निर्वासित ग्रीकांनी १९२४ मध्ये हा क्लब काढला. म्हणून त्याच्या छातीवर बायझंटाइन साम्राज्याचा दोन तोंडांचा गरुड असतो. देल्लासच्या कारकिर्दीचा खुंटा रोवला गेला तो इथेच. खेळाडू म्हणून तो या क्लबात तीनदा आला आणि चौथ्यांदा आला तो प्रशिक्षक म्हणून. पहिल्या खेपेला, २००० मध्ये, संघाने ग्रीक चषक जिंकला.

२००१ मध्ये तो इटलीतल्या पेरुजा या छोट्या क्लबात गेला. सेर्से कोस्मी तिथे प्रशिक्षक होते. तिथला एक मोसम रोमाच्या नजरेत भरला असावा, कारण २००२ मध्ये रोमाने त्याला घेतले. तेव्हा रोमाचे प्रशिक्षक होते फाबियो कापेल्लो. संघाच्या बचावात वॉल्टर सॅम्युएलसारखा अर्जेंटिनाचा कणखर गडी होता आणि २००३ पासून रुमानियाचा क्रिस्तियान किवूही आला. या दोघांना बाजूला सारून पहिल्या अकरात कायमची जागा मिळवणे कोणालाही अवघडच होते, देल्लासलाही ते जमले नाही. ज्या खेळाडूला युरोपच्या सर्वोत्तम संघात निवडले गेले, तो स्वतःच्या क्लबात मात्र बराच काळ राखीव बाकावर बसत असे.

राष्ट्रीय संघात चित्र वेगळे होते. जर्मन प्रशिक्षक ओट्टो रेहागेल २००१ मध्ये ग्रीसमध्ये आले. त्यांचा पहिलाच सामना हेलसिंकीत होता आणि त्यात फिनलंडने ग्रीसला ५-१ असे झोडपले. युरोच्या पात्रता फेरीतही पहिले दोन सामने (स्पेन आणि युक्रेनशी) ०-२ असेच गेले. पुढचे सहाच्या सहा सामने मात्र ग्रीसने एकही गोल न खाता जिंकले आणि स्पेनला मागे टाकून गटात पहिले स्थान घेतले. त्याआधी १९८० ची युरो आणि १९९४ चा विश्वचषक अशा दोनच मोठ्या स्पर्धा ग्रीस खेळला होता आणि दोन्ही मिळून एकही सामना जिंकला नव्हता. १९९४ मध्ये तर तीन सामन्यांत दहा गोल खाल्ले आणि केला एकही नाही.

रेहागेलची पद्धत तेव्हाच्या फॅशनला धरून नव्हती. प्रतिस्पर्ध्याच्या प्रत्येक आघाडीपटूमागे एकेक माणूस सावलीसारखा लावायचा. हे काम योर्गोस सेतारिदिस आणि मिखालिस काप्सिस यांचे. त्यांच्या मागे एक मोकळा बचावपटू ठेवायचा. तो कोणाच्याही मागे धावत नाही, सुटून आलेले निस्तरतो. याला स्वीपर म्हणतात. विसाव्या शतकाच्या अखेरीस बहुतेक संघांनी तो मोडीत काढला होता. देल्लास हा तो मोकळा माणूस. तो वेगवान नव्हता आणि या जागी वेगाची तितकी गरजही नसते. चेंडू कुठे पडणार हे आधी कळावे लागते आणि हवेतला चेंडू आपला म्हणून घ्यावा लागतो. या दोन्ही गोष्टी त्याच्याकडे होत्या. समीक्षकांनी या खेळाला कंटाळवाणे म्हणून नावे ठेवली. ती अगदीच चुकीची नव्हती, पण देल्लास-काप्सिस जोडी चेंडू कशी वाटून घेते हे पाहत बसणाऱ्याला कंटाळा आला नसता.

पोर्तुगालमध्ये १२ जून २००४ रोजी सलामीच्या सामन्यात ग्रीसने यजमानांना २-१ असे हरवले. मग स्पेनशी १-१ बरोबरी झाली. रशियाविरुद्ध पहिल्याच मिनिटाच्या आसपास गोल खाऊन १-२ असा पराभव पत्करला, तरी ग्रीस बाद फेरीत पोहोचला. तिथून पुढे एकही गोल खाल्ला नाही. उपांत्यपूर्व फेरीत गतविजेत्या फ्रान्सला आघाडीपटू खारिस्तेआसच्या हेडरने १-० असे हरवले. त्या सामन्यात ग्रीसच्या मध्यफळीत कोस्तास कात्सुरानिस होता आणि फ्रान्सच्या आघाडीला दाविद त्रेझेगे. दहा वर्षांनी, २०१४ च्या पहिल्या इंडियन सुपर लीगमध्ये, हे दोघेही एफसी पुणे सिटीच्या जर्सीत बालेवाडीच्या मैदानावर उतरले.

उपांत्य सामना १ जुलै २००४ रोजी पोर्तोच्या द्रागाओ स्टेडियमवर झाला. समोर चेक प्रजासत्ताक. साखळीतले तिन्ही सामने जिंकून आणि डेन्मार्कला ३-० असे लोळवून आलेला हा संघ स्पर्धेतला सर्वांत देखणा खेळ खेळत होता. स्पर्धेत पाच गोल करणारा मिलान बारोश आणि देल्लासपेक्षाही उंच असलेला यान कोल्लर ही आघाडीची जोडी होती. सुरुवातीलाच तोमाश रोसित्स्कीचा फटका गोलच्या आडव्या दांड्यावर आदळला. पूर्वार्ध संपायच्या आत कर्णधार पावेल नेदवेद जखमी होऊन बाहेर गेला. ग्रीस तग धरून राहिला आणि ९० मिनिटांत गोल झाला नाही.

इथे नियम समजून घ्यायला हवा. १९९० च्या दशकात जादा वेळेसाठी ‘गोल्डन गोल’ आला. पहिला गोल झाला की सामना तिथेच संपला. हे फार निष्ठुर वाटले म्हणून युरोपीय महासंघाने ‘सिल्व्हर गोल’ काढला. जादा वेळेचे पंधरा-पंधरा मिनिटांचे दोन भाग असतात. पहिल्या भागात गोल झाला तरी तो भाग शेवटपर्यंत खेळायचा आणि तो संपताना जो पुढे असेल तो विजयी. म्हणजे गोल खाणाऱ्याला निदान काही मिनिटे तरी मिळावीत.

चेक संघाला ती काही मिनिटे मिळालीच नाहीत. पहिल्या भागाचा निर्धारित वेळ संपून भरपाईचे मिनिट चालू असताना उजव्या बाजूला ग्रीसला कॉर्नर मिळाला. बदली खेळाडू म्हणून आलेल्या वासिलिस त्सियार्तासने डाव्या पायाने चेंडू आत वळवला. पाच क्रमांकाची जर्सी घातलेला देल्लास जवळच्या खांबाकडे सरकला, सगळ्यांच्या आधी पोहोचला आणि अगदी जवळून त्याने चेंडू डोक्याने जाळ्यात घातला. काही क्षणांत पंच पिएरलुइजी कोलिना यांनी शिट्टी वाजवली आणि सामना संपला. गोल नावाला सिल्व्हर, पण परिणाम सोन्याचा. भारतात तेव्हा रात्रीचे दोन वाजून गेले होते.

चेक लोकांच्या दृष्टीने हा दैवदुर्विलास म्हणायला हवा. १९९६ च्या युरोत अंतिम सामना ते जर्मनीच्या ऑलिव्हर बीअरहॉफच्या गोल्डन गोलने हरले होते. नेदवेद, कारेल पोबोर्स्की आणि व्लादिमिर श्मित्सर हे दोन्ही पराभवांना मैदानावर साक्षी होते. हा नियम रद्द करण्याचा निर्णय फेब्रुवारी २००४ मध्येच झाला होता आणि युरो आटोपल्यावर तो इतिहासजमा झाला. त्यामुळे युरोत सिल्व्हर गोलने निकाली निघालेला हा एकमेव सामना आणि असा गोल करणारा देल्लास एकटा. तो त्याचा ग्रीसकडून पहिला गोल होता, आणि शेवटचाही.

तीन दिवसांनी लिस्बनमध्ये खारिस्तेआसच्या हेडरने पोर्तुगाल पुन्हा हरला, १-०. स्पर्धेच्या सर्वोत्तम संघात पाच ग्रीक निवडले गेले: निकोपोलिदिस, सेतारिदिस, झागोराकिस, खारिस्तेआस आणि देल्लास. बाद फेरीतले तिन्ही सामने एकाच गोलच्या फरकाने आणि तिन्ही गोल डोक्याने. ही आकडेवारी सगळे सांगतात. मागे शून्य राहिला म्हणून पुढे एक पुरला, हे त्यामानाने कमी सांगितले जाते.

रोमात परतल्यावर त्याला वेगळेच वारे भेटले. कापेल्लो युव्हेंटसला निघून गेले होते आणि २००४-०५ च्या एका मोसमात क्लबने चार प्रशिक्षक पाहिले. २००५ मध्ये देल्लास दुसऱ्यांदा एईकेत आला. २००७-०८ मध्ये, ब्राझीलचा रिव्हाल्दोही ज्या संघात होता, तो संघ मैदानावर लीगमध्ये पहिला आला. पण दुसऱ्या क्रमांकावरच्या ऑलिम्पियाकोस क्लबाविरुद्ध एका संघाने अपात्र खेळाडू खेळवल्याच्या तक्रारीवरून ऑलिम्पियाकोसला तीन गुण बहाल झाले आणि विजेतेपद त्यांच्याकडे गेले. त्याच वर्षी युरोत गतविजेता ग्रीस तिन्ही सामने हरून घरी परतला. देल्लास त्या संघातही होता.

२००८ मध्ये तो सायप्रसच्या अनॉर्थोसिसमध्ये गेला. हाही विस्थापितांचा क्लब. मूळ गाव फामागुस्ता १९७४ च्या तुर्की आक्रमणात गेल्यापासून तो लार्नाकात मुक्काम ठोकून आहे. त्या वर्षी ऑलिम्पियाकोसला पात्रता फेरीत हरवून, चॅम्पियन्स लीगची गट फेरी गाठणारा तो पहिला सायप्रियट क्लब ठरला. तिथे त्यांनी पानाथिनाइकोसला ३-१ असे हरवले आणि इंटर मिलानला ३-३ असे रोखले. गटात शेवटचे आले, पण सहा गुणांसह.

२०१० मध्ये तो तिसऱ्यांदा एईकेत आला, २०११ चा ग्रीक चषक जिंकला आणि २०१२ मध्ये निवृत्त झाला. क्लब तेव्हा कर्जात गळ्यापर्यंत बुडाला होता. एप्रिल २०१३ मध्ये घरच्या निर्णायक सामन्यात प्रेक्षक मैदानात घुसले, सामना थांबला, गुण कापले गेले आणि एईके इतिहासात प्रथमच खालच्या श्रेणीत घसरला. त्याच पडझडीत संघाची सूत्रे देल्लासकडे आली. कर्ज झटकून नव्याने सुरुवात करण्यासाठी क्लबने स्वतःहून तिसरी श्रेणी पत्करली. युरोपच्या सर्वोत्तम संघातला माणूस आता छोट्या गावांच्या मैदानांवर संघ घेऊन फिरू लागला. २०१४ मध्ये तिसरी आणि २०१५ मध्ये दुसरी श्रेणी जिंकून त्याने एईकेला पुन्हा पहिल्या श्रेणीत आणले. माझ्या मते खेळाडू म्हणून त्याने जे केले त्याच्या खालोखाल याचाच मान आहे, गाजावाजा मात्र झाला नाही.

ऑक्टोबर २०१५ मध्ये ऑलिम्पियाकोसने एईकेला ४-० असे हरवले आणि देल्लासने राजीनामा दिला. त्याच मोसमाच्या अखेरीस, मे २०१६ मध्ये, एईकेने त्याच ऑलिम्पियाकोसला २-१ असे हरवून ग्रीक चषक उचलला.