काकडीचं टोक घासल्याने कडूपणा जात नाही

मे महिन्यात सोलापुरात घर पाहुण्यांनी भरलं की काकडीचं टोक कापून गोल गोल घासत बसणारी एक तरी आत्या असतेच. फेस आला की म्हणायचं, ‘विष निघालं!’ तो फेस म्हणजे नुसता चीक. कडूपणा कुकुरबिटासिन या काकडीतल्याच कडू द्रव्याचा, तो देठाकडे, सालीलगत जास्त असतो आणि घासून निघत नाही. देठाकडचा इंचभर तुकडा कापून टाकलात, तेवढाच उपयोग. ऊन चाळिशीपार गेलं, वेलाला पाणी कमी पडलं की कडूपणा वाढतो. म्हणून आधी चाखा. जहर कडू निघाली तर फेकाच, पोट बिघडतं.

बाकी कोशिंबीर कुरकुरीत हवी असेल तर काकडी, कोबी, कांद्याची पात थंडगार पाण्यात ठेवून निथळा. कच्ची मेथी वरून. मीठ आणि शेंगदाण्याचं कूट मात्र पंगत बसल्यावरच, नाहीतर पाणी सुटतं.