तुतनखामेनच्या डोक्यात कुणी घाव घातला नव्हता

इजिप्तचा तरुण राजा तुतनखामेन याचा मागून डोक्यात घाव घालून खून झाला, हे आजही छातीठोकपणे सांगितलं जातं. ते खरं नाही.

१९६८ साली लिव्हरपूल विद्यापीठाचे शरीररचनाशास्त्रज्ञ रोनाल्ड हॅरिसन यांनी थडग्यातच ममीचे एक्स-रे काढले. कवटीत हाडाचा सुटा तुकडा दिसला, मागच्या बाजूला गडद छाया. ही छाया सर्वसाधारण असू शकते, पण फटक्यानंतरच्या रक्तस्रावाचीही असू शकते, असं ते बीबीसीच्या माहितीपटात म्हणाले. लोकांनी ही दुसरी शक्यताच तेवढी धरून ठेवली!

२००५ च्या सीटी स्कॅनने निकाल लावला. हाडाचे तुकडे जिवंतपणी निखळले असते, तर ममी करताना कवटीत ओतलेल्या राळेत चिकटले असते. ते सुटेच होते.