ओल्डफील्ड, बार्नी

(१८७८ – ४ ऑक्टोबर १९४६). अमेरिकन मोटार शर्यतपटू. ओहायो राज्यातील वॉसिऑन इथे जन्म. मूळ नाव बर्ना एली. सुरुवात सायकल शर्यतींपासून. १९०२ साली हेन्री फोर्डच्या ‘९९९’ या गाडीवर बसला, तेव्हा त्याला मोटार चालवण्याचा अनुभव जवळपास नव्हताच. गाडी कसली, चाकांवर ठेवलेलं एक अवाढव्य इंजिनच ते. स्टिअरिंग म्हणजे दोन्ही हातांनी आवळून धरायचा आडवा दांडा. त्याच गाडीने त्याने मोटार कारखानदार आणि शर्यतपटू अलेक्झांडर विंटनला हरवलं. पुढच्या वर्षी, २० जून १९०३ रोजी, इंडियानापोलिसच्या मातीच्या ट्रॅकवर एक मैल ५९.६ सेकंदांत कापला. १९१० मध्ये फ्लोरिडातील डेटोनाच्या किनाऱ्यावरच्या वाळूत ‘ब्लिट्झेन बेंझ’ या शर्यतीच्या गाडीने ताशी १३१.७ मैलांचा वेग गाठला.

ओल्डफील्ड जितका शर्यतपटू, तितकाच तमासगीर. गावोगावच्या जत्रांमधल्या त्याच्या अटीतटीच्या लढतींपैकी कित्येक आधीच ठरवलेल्या असत. दातांत धरलेला सिगार ही त्याची ओळख. हादऱ्यांनी दात आपटू नयेत म्हणून तो धरला, असं सांगतात. पण फोटोत तो शोभायचाही. १९१० साली कृष्णवर्णीय मुष्टियोद्धा जॅक जॉन्सनशी परवानगीशिवाय शर्यत लावली, तीही कॅमेरे लावून. त्यापायी शर्यतींचं नियमन करणाऱ्या अमेरिकन ऑटोमोबाइल असोसिएशनने त्याला निलंबित केलं.

अशा माणसाला पडदा परका वाटणार नव्हताच. १९१३ मध्ये कीस्टोन कंपनीने त्याच्याच नावाचा ‘बार्नी ओल्डफील्ड्स रेस फॉर अ लाइफ’ हा विनोदी मूकपट काढला. दिग्दर्शक मॅक सेनेट. खलनायक फोर्ड स्टर्लिंग नायिकेला (मेबल नॉर्मंड) रेल्वेच्या रुळांना जखडतो आणि इंजिन पळवून तिच्याच अंगावर घालायला निघतो. भाबडा प्रियकर, म्हणजे खुद्द सेनेट, ओल्डफील्डला गाठतो आणि दोघे मोटारीतून इंजिनाच्या मागे लागतात. रुळांवर बांधलेली नायिका हा नाटकवाल्यांचा जुनाच मसाला. इथे त्याची टर उडवली आहे. स्टर्लिंग मिशा फेंदारून डोळे गरगरा फिरवतो, तर ओल्डफील्ड स्वतःचीच भूमिका करत मुकाट गाडी हाकतो. अभिनय यथातथाच. पण गाडी आणि आगगाडी धुरळ्यातून शेजारी-शेजारी धावू लागतात, तिथे त्याची गरज भासत नाही.

इंडियानापोलिसच्या ५०० मैलांच्या शर्यतीत तो १९१४ आणि १९१६ साली पाचवा आला. १९१७ मध्ये हॅरी मिलरने त्याच्यासाठी ‘गोल्डन सबमरीन’ ही पूर्ण बंदिस्त शर्यतीची गाडी बांधली. पुढच्याच वर्षी त्याने शर्यती सोडल्या. पडदा मात्र लगेच सुटला नाही. ‘द फर्स्ट ऑटो’ (१९२७) या चित्रपटात तो पुन्हा दिसला. बेव्हर्ली हिल्स इथे त्याचं निधन झालं.