वाळवी किती जुनी, आणि आमचा माणूस दोनदा का येतो

(देवगड, मालवण, वेंगुर्ला पट्ट्यातल्या आमच्या ग्राहकांसाठी. घरातल्या सगळ्यांनी वाचावं. निदान पैसे देणाऱ्याने तरी.)

आमच्याकडे सर्वांत जास्त येणारी तक्रार एका आजींनी सर्वांत थोडक्यात मांडली. मे महिन्यात त्यांच्या माजघरात औषध भरून आलो होतो. जुलैत पडवीच्या खांबावर वाळवीची मातीची नळी दिसली. फोनवर नमस्कार-चमत्कार काही नाही, थेट प्रश्न: "मेल्या, पैशे घेतलस ना? मगे ही परत खंयसून इली?"

त्याचं उत्तर फोनवर मावलं नाही, म्हणून हे पत्रक. ही "खंयसून इली", म्हणजे कुठून आली, हे सांगायचं तर डायनासोरांच्या काळापर्यंत मागे जावं लागतं. ते एकदा कळलं की औषध कुठे भरायचं, कोणतं भरायचं आणि आम्ही परत का येतो, हे वेगळं सांगावं लागत नाही.

मुंगी नव्हे, झुरळाची भावकी

वाळवीला पांढरी मुंगी म्हणतात ते चूक. मुंगी गांधीलमाशीच्या घराण्यातली. वाळवी झुरळाच्या. लंडनच्या नॅचरल हिस्टरी म्युझियममधल्या संशोधकांनी २००७ साली जनुकांची तुलना करून दाखवलं, की वाळवी म्हणजे टोळीने राहायला शिकलेलं झुरळच. तोवर पुस्तकांत तिचा वेगळा गण होता, तो त्यांनी मोडीत काढायला सांगितला. तिचं सर्वांत जवळचं नातलग म्हणजे क्रिप्टोसर्कस नावाचं एक झुरळ. ते कुजक्या ओंडक्यात राहतं, लाकूड खातं आणि पिल्लांना बरोबर घेऊन संसार करतं. त्याच्या पोटात जे सूक्ष्म जीव लाकूड पचवतात, त्यांचेच भाऊबंद जुन्या घराण्यांतल्या वाळवीच्या पोटात सापडतात.

उत्तर ऑस्ट्रेलियात मास्टोटर्मीस नावाची वाळवी अजून आहे. ती अंडी सुटी घालत नाही, झुरळासारखी ओळीने चिकटवून घालते. तिच्या मागच्या पंखालाही झुरळासारखा एक जास्तीचा पसरट भाग असतो. आज ती तेवढ्याच कोपऱ्यात उरली आहे, पण तिच्या जातभाई एकेकाळी पार कॅरिबियन बेटांपर्यंत होत्या. डोमिनिकन अंबरात, म्हणजे दगड झालेल्या राळेत, त्या सापडल्या आहेत. १९९२ साली अशाच एका अंबरातल्या वाळवीचा डीएनए मिळाल्याचं जाहीर झालं आणि मोठा गाजावाजा झाला. पुढे इतरांनी करून पाहिलं तर तो कुणालाच मिळेना. सिनेमात काय दाखवतात ते सोडून द्या.

झुरळाबद्दल एक व्हॉट्सॲपी समज असा, की ते ३० कोटी वर्षं जसंच्या तसं आहे. हे अर्धंच खरं. ज्या काळातला दगडी कोळसा जगभर जाळला गेला, त्या काळच्या खडकांत झुरळासारखे किडे ढिगाने सापडतात. पण त्यांच्या माद्यांना शेपटीकडे लांब नळी असायची आणि त्या एकेक अंडं कुठेतरी खुपसून ठेवत. आपल्या स्वयंपाकघरातलं झुरळ अंडी तपकिरी डबीत बंद करून घालतं. ही डबीवाली झुरळं पुष्कळ नंतरची, डायनासोरांच्या युगातली. आम्हाला फरक या डबीनेच पडतो. फवाऱ्याने मोठी झुरळं मरतात, पण डबीच्या आत औषध पोचत नाही. मोठ्या तपकिरी झुरळाची डबी साधारण दीड-दोन महिन्यांनी फुटते. त्या सुमारास आमचा माणूस पुन्हा येतो तो यासाठी. "आता तर एकही दिसत नाही" म्हणून त्याला दारातून परत पाठवू नका.

त्याआधीचं, धावतं

कीटक जमिनीवर आले ते ४० कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास. स्कॉटलंडमध्ये ऱ्हायनी गावाजवळच्या गारगोटीसारख्या दगडात तेव्हाचे जबडे आणि पाय टिकले आहेत. त्यातला एक जबडा बरीच वर्षं जगातला सर्वांत जुना कीटक म्हणून मिरवत होता. अलीकडे काहींनी तो गोमेच्या जातीचा असावा असं म्हटलं, आणि वाद चालू आहे. पुढे पंख आले. पक्षी, वटवाघळं यांच्या कितीतरी आधी आकाश कीटकांचं होतं. फ्रान्समधल्या कोळशाच्या खाणीत सापडलेली मेगान्यूरा ही चतुरासारखी माशी पंख पसरून ६५ सेंटीमीटरच्या वर भरायची. तेव्हा हवेत ऑक्सिजन आजच्या २१ टक्क्यांपेक्षा बराच जास्त होता. कीटकाला फुप्फुस नसतं, अंगातल्या बारीक नळ्यांतून हवा आत जाते, म्हणून दाट ऑक्सिजनमध्ये एवढा देह परवडत असावा. नंतर पक्षी आले आणि मोठं असणं जिवावर बेतू लागलं.

२५ कोटी २० लाख वर्षांपूर्वी पृथ्वीवरचे बहुतेक जीव संपले, त्यात कीटकांचे कितीतरी गणही कायमचे गेले. भुंगे टिकले. वाळवी तेव्हा जन्मालाच यायची होती. तिचे सर्वांत जुने जीवाश्म सुमारे १३ कोटी वर्षांचे आहेत.

आपल्या बाजूला काय सापडतं

कोकणात कातळ फोडून किडा सापडायचा नाही. आपला काळा कातळ म्हणजे सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा लाव्हा. त्यात पडलेला किडा जळूनच जाणार. जांभा त्या कातळाच्या झिजेतून झालेला, त्यातही काही टिकत नाही. महाराष्ट्रात जीवाश्म कीटक हवे असतील तर पार गडचिरोलीला, सिरोंच्याकडे जावं लागतं. तिथल्या कोटा गावाच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या थरांत डायनासोरांच्या हाडांबरोबर कीटकही मिळाले आहेत.

पण किनाऱ्याने वर गुजरातेत गेलं, की सुरत जिल्ह्यात वस्तान आणि तडकेश्वरच्या लिग्नाइटच्या खाणी लागतात. आपल्याच कातळाचा विस्तार तिथे खाली आहे आणि लिग्नाइट त्याच्यावर. त्या लिग्नाइटात अंबर आहे, पाच कोटी वर्षांहून जुनं. जर्मनी, अमेरिका आणि लखनौच्या बिरबल साहनी संस्थेतल्या संशोधकांनी मिळून १५० किलोवर अंबर गोळा केलं आणि त्यातले ७०० हून जास्त कीटक आणि कोळी २०१० साली जगापुढे मांडले. ही राळ साल वृक्षाच्या कुळातल्या झाडांची. देवापुढे धुपात घालतो ती राळ याच कुळातल्या सालाची, म्हणजे वास आपल्या ओळखीचाच.

या शोधात एक गंमत निघाली. भारताचा तुकडा आफ्रिका आणि मादागास्करपासून सुटून कोट्यवधी वर्षं समुद्रात एकटा तरंगत होता, तेव्हा त्याच्यावरचे किडे जगावेगळे निघतील असा अंदाज होता. निघाले भलतेच: आशियातल्या, युरोपातल्या, अगदी अमेरिकेतल्या किड्यांचे सोयरे. बेट वाटलं तेवढं एकटं नव्हतं. आणि त्या राळेत वाळवीही होती. २०११ साली तिचं वर्णन प्रसिद्ध झालं, तेव्हा टर्मिटिडी या घराण्याचा तो जगातला सर्वांत जुना पुरावा ठरला. परसातली रोयण, म्हणजे वारूळ, बांधणारी वाळवी याच घराण्यातली. आजी, ती हंयसूनच इली, म्हणायला हरकत नाही.

आता औषधाचं

लाकूड पचवणारे जीव वाळवीला जन्मतः मिळत नाहीत. मोठ्यांनी पिल्लांना ते भरवावे लागतात. म्यानमारच्या जवळपास १० कोटी वर्षं जुन्या अंबरात एका वाळवीच्या फुटलेल्या पोटाशी हे जीव तसेच गोठलेले मिळाले, म्हणजे हा रिवाज तेव्हाही होता. एकत्र राहण्याची सवय यातूनच लागली असावी, असं पुष्कळ जाणकार मानतात. आपल्या रोयणवाल्या वाळवीने पुढे पोटातले ते जीव सोडले आणि वारुळात बुरशीची शेती सुरू केली. टांझानियात २ कोटी ५० लाख वर्षांपूर्वीची अशी शेती दगड होऊन सापडली आहे. माणसाच्या शेतीला अजून १५ हजार वर्षंही झाली नाहीत. पावसाच्या सुरुवातीला रोयणीवर उगवतात ती अळंबी याच शेतीची. पण पोटातले जीव गेले तरी एकमेकींना तोंडाने भरवण्याची आणि चाटून साफ ठेवण्याची रीत सुटली नाही.

आम्ही नेमका त्याच रीतीचा फायदा घेतो. झटक्यात मारणारं, उग्र वासाचं औषध मारलं की समोरच्या शंभर मरतात, बाकीच्या वास घेऊन दुसरी वाट काढतात आणि राणी अंगणाखाली सुखरूप राहते. आजींच्या पडवीत झालं ते असंच. औषध चांगलं होतं, पण माजघर भरलं आणि पडवी खर्चासाठी सोडली होती. म्हणून हल्ली आम्ही वास न येणारं, हळू मारणारं औषध भरतो आणि घराच्या चारही बाजूंनी भरतो. वाळवी त्यातून बेफिकीर जाते आणि भरवता भरवता ते इतरांना देते. पहिले काही दिवस ती फिरताना दिसेल. घाबरून वर बाजारातला फवारा मारू नका. आमचं काम वाया जाईल. दीड महिन्यानंतरची फेरी नवीन नळी आहे का ते बघायला, तिचे वेगळे पैसे नाहीत.

दुसरी गोष्ट ओलीची. झुरळाचं जाड, तेलकट कातडं वाळवीने गमावलं. उघड्यावर ती सुकून मरते, म्हणून तर मातीची नळी बांधते. तेव्हा भिंतीला टेकवून सरपण रचू नका, न्हाणीघराचं पाणी जोत्यात मुरू देऊ नका, कौल फुटलं असेल तर पागोळ्या वाश्यावर पडण्याआधी बदला. याचे आम्हाला पैसे मिळत नाहीत, पण अर्धं काम यानेच होतं.

विहिरीला लागून आम्ही औषध भरत नाही, कितीही आग्रह केला तरी. जांभ्यातून पाणी लगेच झिरपतं. देवळातल्या रोयणीलाही हात लावत नाही. सातेरी देवीची जागा ती सातेरीची. लाकडातून बारीक पीठ पडत असेल आणि मातीची नळी कुठेच नसेल, तर ते काम बहुधा भुंग्याचं आहे. त्याला जमिनीत औषध भरून उपयोग नाही. दर वेगळा, आधी बघून सांगू.

पहिल्या पावसानंतर संध्याकाळी दिव्याभोवती पंखाचे किडे आले तर सकाळी केर काढण्याआधी चार पंख उचलून काडेपेटीत ठेवा. चारही सारख्या लांबीचे असतील तर वाळवी. पुढचे मोठे आणि मागचे लहान असतील तर मुंगी, मग आम्हाला बोलावायचं कारण नाही. दगडातल्या किड्यांचंही बहुतेक वेळा अंग नाहीसं होतं आणि पंखच उरतात. जाणकार त्यांची जात पंखांच्या शिरांवरूनच लावतात. आमचा माणूस तेवढा हुशार नाही, पण भिंग घेऊन येईल.